‘प्रामाणिक’ लाटसाहेबांबद्दल, इतिहास शिकवणाऱ्या सरांना आणि मॅडमना

स्पर्धा परीक्षांच्या वर्गांत आधुनिक भारताचा इतिहास शिकवणाऱ्या सर्व सर आणि मॅडम यांना,

सप्रेम नमस्कार.

‘भारतातील सनदी सेवेचा जनक कोण?’ या प्रश्नाला तुमची मुलं डोळे मिटून ‘लॉर्ड कॉर्नवॉलिस’ असं उत्तर देतात. उत्तर बरोबर आहे, एक गुण मिळतो, त्याबद्दल माझी तक्रार नाही. ‘कायमधारा पद्धत, १७९३’ हेही त्यांना पाठ असतं. माझं म्हणणं एवढंच, की या माणसासाठी वर्गात एक पूर्ण तास काढा. तो अभ्यासक्रमात बसत नसेल तर रविवारी काढा. मी महसूल खात्यात कारकुनीपासून सुरुवात करून निवृत्त झालेला माणूस आहे. आयुष्य सातबारा, फेरफार आणि जमाबंदीत गेलं. ज्या साहेबाने ‘कलेक्टर’ या खुर्चीला आजचं वजन दिलं, तो कोणत्या घरात जन्माला आला आणि त्या घराने त्याला जगाकडे कसं बघायला शिकवलं, हे कळल्याशिवाय त्याने आपल्याबद्दल केलेला नियम कळत नाही, असं माझं मत झालं आहे.

घरापासूनच सुरुवात करतो. चार्ल्स कॉर्नवॉलिस ३१ डिसेंबर १७३८ रोजी लंडनच्या ग्रोव्हनर स्क्वेअरमध्ये जन्मला. घराण्याची जमीन सफकमध्ये. वडील उमराव, पुढे अर्ल झाले. एक काका कँटरबरीचा आर्चबिशप, म्हणजे इंग्लंडच्या चर्चमधली सर्वांत मोठी गादी. त्या काकाचा जुळा भाऊ एडवर्ड लष्करी अधिकारी, नोव्हा स्कॉशियातल्या हॅलिफॅक्स शहराचा संस्थापक. चार्ल्सचा धाकटा भाऊ विल्यम आरमारात अ‍ॅडमिरल झाला, दुसरा भाऊ जेम्स बिशप झाला. जमीन, लष्कर, आरमार आणि धर्मपीठ, राज्याचे सगळे खांब एकाच घरच्या पंगतीला बसलेले. अशा घरात मुलाला ‘मोठेपणी काय होणार?’ असं कुणी विचारत नसतं.

ईटनच्या शाळेत हॉकी खेळताना एका सोबत्याची काठी लागून त्याच्या डोळ्याला कायमची इजा झाली. ज्याच्या हातून ती लागली तो शूट बॅरिंग्टन पुढे डरहॅमचा बिशप झाला. म्हणजे मैदानावरच्या दोन पोरांपैकी एक हिंदुस्थानचा गव्हर्नर-जनरल आणि दुसरा बिशप. ही शाळा म्हणजे काय होतं, ते या एका तपशिलावरून मुलांना समजेल.

त्या काळी ब्रिटिश पायदळात आणि घोडदळात अधिकाऱ्याची जागा विकत मिळायची. लाच देऊन चोरून नव्हे. सरकारमान्य दराने, राजरोस. ही पद्धत १८७१ पर्यंत चालू राहिली. त्यामागचा विचार असा, की पैसेवाल्या, जमीनदार घरातला माणूस राज्याविरुद्ध उठणार नाही, कारण गमावण्यासारखं त्याच्याकडे पुष्कळ असतं. वडिलांनी पैसे मोजले आणि पोरगा अठराव्या वर्षाच्या सुमारास फर्स्ट फूट गार्ड्समध्ये एन्साइन, म्हणजे सर्वांत खालचा अधिकारी, झाला. मात्र हा पोरगा नुसता गणवेश घालून लंडनच्या नाचगाण्यात मिरवला नाही. तो इटलीत टुरिनच्या लष्करी शाळेत शिकायला गेला, जे त्याच्यासारख्या घरातली मुलं फारशी करत नसत. सप्तवार्षिक युद्धात जर्मनीत लढला आणि १७६१ मध्ये, बावीस वर्षांचा असताना, एका पलटणीचा लेफ्टनंट कर्नल झाला. शौर्य खरं होतं. पण बावीसाव्या वर्षी पलटण हातात यायला शौर्याबरोबर आणखी काय लागतं, तेही वर्गात सांगा.

१७६२ मध्ये वडील वारले आणि तो दुसरा अर्ल कॉर्नवॉलिस झाला. तोवर तो हाउस ऑफ कॉमन्समध्ये होता, तिथून उठून हाउस ऑफ लॉर्ड्समध्ये जाऊन बसला. ना निवडणूक, ना परीक्षा. (वंशाने चालत आलेल्या बहुतेक लॉर्डांना त्या सभागृहातून बाहेर काढायला १९९९ साल उजाडावं लागलं, आणि तेव्हाही ९२ जणांच्या जागा राखून ठेवल्या गेल्या.) शिवाय लंडनच्या टॉवरचा कॉन्स्टेबल अशा मानाच्या, काम कमी आणि मिळकत बरी असलेल्या जागाही त्याच्याकडे आल्या. पुढे हिंदुस्थानात कंपनीच्या नोकरांची वरकमाई बंद करणारा हाच माणूस, हे लक्षात असू द्या.

आता एक गोष्ट त्याच्या बाजूची. १७६६ मध्ये अमेरिकेतल्या वसाहतींवर वाटेल तो कायदा लादण्याचा हक्क ब्रिटिश पार्लमेंटला आहे, असं सांगणारा कायदा आला. लॉर्ड्समध्ये त्याविरुद्ध मत देणारे लॉर्ड कॅमडेनसह अवघे पाच जण निघाले आणि त्यात सत्तावीस वर्षांचा कॉर्नवॉलिस होता. दहा वर्षांनी त्याच वसाहती उठल्या तेव्हा राजाने बोलावलं आणि हा तलवार बांधून गेला. बायको जेमायमाची त्याने जाऊ नये अशी इच्छा होती. ती मोठ्या घराण्यातली नव्हती, एका पलटणीच्या कर्नलची मुलगी. त्याने प्रेमाने लग्न केलं होतं. १७७९ च्या फेब्रुवारीत ती वारली. आपल्या थडग्यावर नाव कोरू नका, छातीच्या जागी काटेरी झाड लावा, असं ती सांगून गेली, असं म्हणतात. तिच्या आजारपणात तो राजीनामा देऊन घरी परतला होता. ती गेल्यावर पुन्हा अमेरिकेला निघाला, कारण आता इंग्लंडात थांबण्यासारखं काही उरलं नव्हतं.

पुढचं तुम्हाला ठाऊक आहे. १७८० मध्ये कॅमडेन गावची लढाई जिंकली, १७८१ च्या मार्चमध्ये गिलफर्ड कोर्टहाउसला मैदान मारलं पण फौजेचा चौथा हिस्सा गमावला, आणि त्याच वर्षी व्हर्जिनियात यॉर्कटाउनला अडकून पडला. समुद्राच्या बाजूने फ्रेंच आरमार, जमिनीकडून वॉशिंग्टन आणि फ्रेंच सेनापती रोशांबो. १९ ऑक्टोबर १७८१ रोजी त्याच्या सात हजारांहून जास्त लोकांनी हत्यारं खाली ठेवली. तो स्वतः तब्येतीचं कारण सांगून तंबूत राहिला आणि तलवार द्यायला जनरल ओ’हॅराला पाठवलं. शूर माणसाच्या आयुष्यातला हा प्रसंग मला कधी पटलेला नाही. पण त्याहून वाईट गोष्ट वेढ्याच्या काळातली आहे. ब्रिटिशांनी स्वातंत्र्याचं आमिष दाखवल्यामुळे मालकांकडून पळून आलेले हजारो काळे गुलाम त्याच्या छावणीत होते. खंदक त्यांनीच खणले. धान्य संपत आलं, देवीची साथ पसरली, तेव्हा त्यांतल्या अनेकांना छावणीबाहेर घालवून दिलं गेलं. दोन्ही फौजांच्या मधल्या रानात ते मेले. पुढे १७८९ मध्ये याच कॉर्नवॉलिसने बंगालमधून मुलं गुलाम म्हणून परदेशी विकण्यावर बंदी घातली. दोन्ही गोष्टी खऱ्या आहेत आणि एकीने दुसरी पुसली जात नाही.

साम्राज्याचा एवढा मोठा तुकडा ज्याच्या शरणागतीने हातचा गेला, त्याचं पुढे काय झालं? विशेष काही नाही. त्याने आणि वरिष्ठ जनरल क्लिंटनने एकमेकांवर दोष ढकलणारी पत्रकं छापली. राजाची मर्जी ढळली नाही. १७८६ मध्ये त्याला गार्टर हा राजाकडचा मोठा सन्मान मिळाला आणि त्याच वर्षी बंगालचा गव्हर्नर-जनरल तसंच सरसेनापती म्हणून तो कलकत्त्याला उतरला. अट त्याचीच होती: दोन्ही अधिकार एका हातात हवेत आणि कौन्सिलचं मत डावलण्याची मुभा हवी. त्यासाठी पार्लमेंटने कायदा बदलला. पूर्वीचा गव्हर्नर-जनरल वॉरन हेस्टिंग्ज याला कौन्सिलने जसं छळलं तसं आपल्या बाबतीत होऊ नये, एवढा व्यवहार त्याला कळत होता.

इथे फळ्यावर आणखी दोन नावं लिहा, मुलं चमकतील. यॉर्कटाउनच्या वेढ्यातून १६ ऑक्टोबरच्या पहाटे तटाबाहेर पडून जो छापा घातला गेला, त्यात रॉबर्ट अ‍ॅबरक्रॉम्बी आणि जेरार्ड लेक हे दोन अधिकारी होते. दोघेही त्या शरणागतीत कैद झाले. हाच अ‍ॅबरक्रॉम्बी पुढे मुंबईच्या फौजेचा सेनापती म्हणून श्रीरंगपट्टणला आला. आणि हाच लेक १८०३ मध्ये दिल्ली आणि लासवारीला शिंद्यांच्या कवायती पलटणींवर चालून आला. त्या वर्गाचं अपयश असं खाली पडत नसे. ते जहाजात बसून पूर्वेकडे यायचं.

आता मुख्य मुद्द्याकडे येतो.

कलकत्त्यात उतरल्यावर कॉर्नवॉलिसला काय दिसलं? कंपनीचा कलेक्टर पगारावर जगत नव्हता. पगार तुटपुंजा, पण बायकोच्या, भावाच्या, नाहीतर बनियाच्या नावावर व्यापार, ठेके, नजराणे. त्याने रोगाचं निदान अचूक केलं: पगार कमी आणि हाताखालून लाखोंचा महसूल जातो, म्हणजे माणूस खाणारच. म्हणून औषधही तसंच दिलं. खासगी व्यापार बंद, नजराणे बंद, आणि कलेक्टरला महिना १,५०० रुपये पगार अधिक वसुलीवर सुमारे एक टक्का. त्या काळातली ही रक्कम डोळे दिपवणारी होती. औषध बऱ्याच अंशी लागू पडलं, हे कबूल केलं पाहिजे. स्वतः त्याने एक पैसा खाल्ला नाही. ‘जनक’ म्हणून जे आपण शिकवतो ते इथवर.

मग त्याच सरकारात काम करणारी हिंदी माणसं? बंगालमध्ये फौजदारी न्याय तोवर नायब नाझिम महंमद रझा खान याच्या हाताखाली मुर्शिदाबादेहून चालायचा. १७९० मध्ये ते सदर न्यायालय कलकत्त्याला उचलून आणलं आणि गोऱ्यांच्या ताब्यात दिलं. हिंदी माणसासाठी खालच्या जागा ठेवल्या: मुन्सफ (खालचा दिवाणी न्यायाधीश), दरोगा (पोलीस ठाण्याचा प्रमुख). मुन्सफाला पगारच नव्हता, दाव्याच्या रकमेवर कमिशन. १७९२ मध्ये ठाणी बसवली, त्या ठाण्यावरच्या दरोग्याला जुजबी पगार आणि चोरीचा माल परत मिळवला की त्याच्या किमतीवर दहा टक्के बक्षीस. वर्षाला ५०० पौंडांहून जास्त पगाराच्या जागा मात्र गोऱ्यांसाठी राखल्या गेल्या. याच काळात कंपनीच्या संचालकांनी गोरा बाप आणि हिंदी आई असलेल्या मुलांनाही वरच्या नोकऱ्यांचं दार बंद केलं. कारण विचारलं तर लाटसाहेबांचं ठरलेलं मत: हिंदुस्थानातला प्रत्येक माणूस भ्रष्ट आहे.

सर, मॅडम, नीट पाहा. गोरा खात होता तेव्हा रोग पगाराचा ठरला आणि पगार वाढवला. काळा खात होता तेव्हा रोग रक्ताचा ठरला आणि पगार कमी ठेवून कमिशनवर सोडला. वर पुन्हा तो खातो म्हणून नावं ठेवायला मोकळे. मी तलाठ्यांच्या, कोतवालांच्या पगाराच्या फायली हाताळल्या आहेत, म्हणून मला हे चटकन दिसतं असेल. पण जो माणूस जन्माने लॉर्ड्समध्ये बसला, जन्माच्या जोरावर पलटणीचा धनी झाला आणि शरण येऊनही जन्मामुळे तरला, त्याला माणसाची लायकी रक्तात शोधायची सवय असणारच. त्याला हे दुष्टपणाचं वाटत नव्हतं, व्यवस्थित वाटत होतं. हे मुलांना कळलं पाहिजे, कारण उद्या यातलीच काही मुलं त्या खुर्चीत बसणार आहेत.

आणि त्याला दुसरी बाजू माहीत नव्हती असंही नाही. माझ्या मते कॉर्नवॉलिसच्या अख्ख्या कारकिर्दीतला सर्वांत मोलाचा प्रसंग हा आहे. इंग्लंडचा युवराज, पुढचा चौथा जॉर्ज, आपल्या ओळखीच्या लोकांची हिंदुस्थानात सोय लावण्यासाठी पत्रं पाठवायचा. एकदा त्याने बनारसमधल्या एका जागेवर आपल्या माणसाची शिफारस केली. तिथे अली इब्राहिम खान नावाचा कुणी काळा माणूस बसला आहे, त्याला हलवावं, असा सूर. कॉर्नवॉलिसने भावी राजाला नम्रपणे पण स्पष्ट कळवलं, की अली इब्राहिम खान हिंदी असला तरी देशातल्या अत्यंत कर्तबगार आणि आदरणीय अधिकाऱ्यांपैकी आहे आणि त्याला काढलं तर सरकारची नाचक्की होईल. खान बनारसचा मुख्य दंडाधिकारी होता. त्याचं काम कॉर्नवॉलिसने डोळ्यांनी पाहिलं होतं. युवराजाला नकार देण्याची हिंमत त्याच्यात होती. पण त्या एका माणसावरून आपला नियम तपासून पाहण्याची गरज त्याला वाटली नाही. खान अपवाद ठरला, नियम कायम राहिला.

कायमधाऱ्याबद्दल मी लिहीत बसलो तर पत्र संपणार नाही, म्हणून आटोपतं घेतो. बंगाल, बिहार, ओरिसा मिळून सुमारे २ कोटी ६८ लाख सिक्का रुपये सारा ठरला. अकरा हिश्श्यांतले दहा सरकारचे, एक जमीनदाराचा, आणि हे २२ मार्च १७९३ पासून कायमचं. जॉन शोअरसारखा मुरलेला महसुली अधिकारी सांगत होता, की आधी दहा वर्षं चालवून पाहू, जमिनीची माहितीच आपल्याकडे अपुरी आहे. ऐकलं नाही. सफकच्या या जमीनदाराच्या डोळ्यांसमोर इंग्लंडातला उमराव होता: जमीन त्याची कायमची झाली की तो विहिरी खणील, बांध घालील, कुळाला सांभाळील. प्रत्यक्षात ठरलेल्या दिवशी सूर्यास्ताच्या आत हप्ता भरला नाही की जमीनदारी लिलावात. राजशाहीसारख्या मोठमोठ्या जमीनदाऱ्यांचे तुकडे पडले आणि कलकत्त्यात बसून लिलाव बोलणारे नवे मालक झाले. कुळाचा हक्क कुठेच नीट लिहिला गेला नव्हता. आपल्याकडे १८१८ नंतर हे आलं नाही. एल्फिन्स्टनच्या काळापासून रयतेशी थेट व्यवहाराकडे कल राहिला. प्रिंगल या अधिकाऱ्याची जमीन पाहणी फसली, मग १८३५ च्या सुमारास इंदापूर तालुक्यात विंगेट आणि गोल्डस्मिड यांनी नवी मोजणी सुरू केली आणि तीस वर्षांची आकारणी आली. तिचेही वेगळे भोग आहेत, पण ते पुन्हा केव्हातरी.

आता आपल्या घरची बाजू, जी तुमच्या नोट्समध्ये ‘तिसरे इंग्रज–म्हैसूर युद्ध, १७९०–९२’ एवढ्याच ओळीत संपते. १ जून १७९० रोजी पुण्यात पेशवे आणि इंग्रजांचा टिपूविरुद्ध तह झाला. इंग्रजांकडून वाटाघाटी चार्ल्स मॅलेटच्या, आपल्याकडून नाना फडणवीसांच्या. परशुरामभाऊ पटवर्धन धारवाडच्या वेढ्यात महिनोन्‌महिने गुंतले. इकडे कॉर्नवॉलिसने १७९१ च्या मार्चमध्ये बंगळूर घेतलं आणि मे महिन्यात श्रीरंगपट्टणच्या उंबरठ्यावर पोचला. १५ मेला आरकेऱ्याला लढाई जिंकलाही. पण फौज उपाशी होती. बैल हजारोंनी मरत होते, तोफा ओढायला जनावर उरलं नव्हतं, पाऊस सुरू झाला होता, छावणीत देवी आल्या होत्या. यॉर्कटाउनच्या सेनापतीने वेढ्याच्या मोठ्या तोफा आपल्या हाताने निकामी केल्या आणि परतीची वाट धरली.

वाटेत समोरून घोडदळ दिसलं. इंग्रज लढायच्या तयारीला लागले, कारण टिपूच्या स्वारांनी हरकारे मारल्यामुळे कुणाचीच खबर कुणाला नव्हती. ते मराठे निघाले. हरिपंत फडके आणि परशुरामभाऊ, आणि त्यांच्या मागे अख्खा बाजार. मराठी छावणीच्या त्या बाजाराचं वर्णन इंग्रज इतिहासकारांनी थक्क होऊन केलं आहे: विलायती बनात, बर्मिंगहॅमचा चाकू, काश्मिरी शाली, हिरे, आणि कुठल्याशा गरीब खेडुत पोरीच्या लुटलेल्या चांदीच्या बाळ्याही. धान्य होतं, महाग होतं, पण होतं. कॉर्नवॉलिसची फौज त्या बाजारावर जगली. हरिपंतांनी खर्चाला पैसे मागितले, तेव्हा त्याने चीनच्या व्यापारासाठी मद्रासला आलेल्या जहाजांवरची चांदी उतरवून घ्यायला लावली. वासुदेवशास्त्री खरे यांनी मिरजेत बसून पटवर्धनी दफ्तरातली पत्रं छापली, त्यामुळे हा काळ मराठीतून वाचता येतो. मुलांना त्यातलं एखादं पत्र दाखवा. आणि याच मोहिमेत पटवर्धनांच्या फौजेबरोबरच्या लुटारूंनी शृंगेरीचा मठ लुटला, तेही सांगा. दुसऱ्याच्या साहेबाचा हिशेब मांडताना आपला खर्डा झाकून चालत नाही.

१७९२ च्या मार्चमध्ये तह झाला. टिपूचं अर्धं राज्य गेलं, ३ कोटी ३० लाखांचा दंड बसला आणि त्याचे दोन लहान मुलगे, एक दहा वर्षांच्या आतबाहेरचा, एक त्याहून धाकटा, ओलीस म्हणून इंग्रजांच्या तंबूत आले. साहेबाने त्या मुलांना प्रेमाने जवळ घेतल्याची चित्रं विलायतेत भरपूर खपली. लुटीतला स्वतःचा वाटा त्याने फौजेसाठी सोडला. राजाने मार्क्विस केलं. एका शरणागतीचं उट्टं निघालं.

आयर्लंडबद्दल फार थोडं सांगतो, पण ते वगळू नका. १७९८ च्या बंडाच्या वेळी तो तिथे व्हाइसरॉय आणि सेनापती होता. सूड घ्यायला उठलेल्या स्थानिक प्रोटेस्टंट जमीनदारांचा त्याला तिटकारा होता आणि त्याने अनेकांना माफी दिली. तरीही बंडखोरांच्या मदतीला आलेल्या आणि बॅलिनामकला शरण गेलेल्या फ्रेंचांना युद्धकैद्यांचा मान मिळाला आणि त्यांच्या आयरिश साथीदारांची कत्तल झाली. मग आयर्लंड ब्रिटनमध्ये विलीन व्हावं आणि आयरिश पार्लमेंटने स्वतःलाच बरखास्त करावं म्हणून मतं जमवायची होती. ती जमवली पेन्शनी, जागा आणि नव्या लॉर्डक्या वाटून. वाटणारा हा जन्मजात लॉर्ड. या बाजारात उतरावं लागल्याबद्दल स्वतःची शरम वाटते, असं तो खासगी पत्रांत लिहीत राहिला, आणि वाटत राहिला. कॅथलिकांना दिलेला राजकीय हक्कांचा शब्द तिसऱ्या जॉर्जने मोडला तेव्हा मात्र १८०१ मध्ये त्याने राजीनामा दिला.

शेवटचा फेरा आपल्यामुळेच झाला. तेव्हाचा गव्हर्नर-जनरल वेलस्ली याच्या युद्धांनी कंपनीची तिजोरी रिकामी केली होती. यशवंतराव होळकरांनी १८०४ मध्ये कर्नल मॉन्सनची दाणादाण उडवली आणि पुढच्या वर्षी भरतपूरच्या मातीच्या तटावर लेकचे चार हल्ले फसले. कंपनीने वेलस्लीला परत बोलावलं आणि सहासष्ट वर्षांच्या, थकलेल्या कॉर्नवॉलिसला पुन्हा पाठवलं. ३० जुलै १८०५ ला तो कलकत्त्यात उतरला. शिंद्यांना ग्वाल्हेर आणि गोहद परत द्या, यमुनेच्या पश्चिमेकडून मागे या, होळकरांशी मिटवा, असा त्याचा मनसुबा होता. हे मराठ्यांवरच्या मायेने नव्हे. सैन्याचे पगार थकले होते आणि हिशेब जुळत नव्हता. पूर्वीचा सोबती लेक हे हुकूम अमलात आणायला टाळाटाळ करत होता. गंगेतून नावेने वर जाताना त्याची तब्येत ढासळली आणि ५ ऑक्टोबर १८०५ रोजी गाझीपूरला तो वारला. नोव्हेंबरात शिंद्यांशी आणि २४ डिसेंबरला राजघाटला होळकरांशी तह झाले, ते त्याच्या जागी आलेल्या बार्लोच्या काळात. मार्क्विसपद मुलानंतर १८२३ मध्ये बुडालं, कारण नातवंडांत मुलगा नव्हता. अर्लची गादीही १८५२ मध्ये संपली.

गाझीपूरला त्याची कबर आहे. बारा खांबांवर घुमट, आत फ्लॅक्समनने घडवलेला संगमरवर. तिकडचे लोक ‘लाट साहब का मकबरा’ म्हणतात आणि भारतीय पुरातत्त्व खातं तिची देखभाल करतं. तेवढ्या लांब जायला नको असेल तर भायखळ्याला जा. मुंबईत किल्ल्यातल्या हिरवळीवर, आजच्या हॉर्निमन सर्कलपाशी, त्याचा पुतळा होता; आता तो राणीच्या बागेशेजारी डॉ. भाऊ दाजी लाड संग्रहालयाच्या आवारात आहे. जुन्या मुंबईच्या वर्णनांत अशी नोंद सापडते, की लोक त्या पुतळ्याला ‘छोटा देऊळ’ म्हणत आणि फुलं वाहत. सरकारने पत्रक काढून सांगितलं, की हा देव नव्हे, साहेब आहे. लोकांनी ते मनावर घेतलं नाही.

तेव्हा विनंती अशी, की ‘जनक’ हे उत्तर पाठ करून घ्याच, पण त्याच तासात अली इब्राहिम खानाचं नाव फळ्यावर लिहा, मुन्सफाचा पगार किती होता ते विचारा आणि १७९१ च्या मे महिन्यातला नकाशा काढून घ्या. यासाठी कुणी बोलायला हवं असेल तर मी येईन. मानधन नको. सकाळची एसटी पकडून संध्याकाळपर्यंत परत येता येईल एवढं अंतर असावं. प्रोजेक्टर लागणार नाही, खडू-फळा चालेल, आणि मुलांनी मध्येच प्रश्न विचारले तरी हरकत नाही.

कळावे,
आपला नम्र,
महसूल खात्यातला एक निवृत्त अव्वल कारकून